यजमानाला विचारलंत का?

मामाला आयुष्यात एकच गोष्ट मनापासून जमली, ती म्हणजे दुसऱ्याच्या घरात राहणं. हे दुसरं कुणी म्हणत नव्हतं. तोच म्हणायचा, आणि तेही कुणी विचारायच्या आत. "पंधरा दिवसांसाठी आलो होतो," तो सांगायचा, "अकरा वर्षं झाली. पंधरवडा जरा लांबला, एवढंच." समोरचा हसायचा, मामाही हसायचा, आणि विषय तिथेच मिटायचा. विषय मिटावा म्हणूनच तर तो विनोद होता.

झालं होतं असं. मामा राहायचा त्या भाड्याच्या खोलीचं छत एके दुपारी खाली आलं. तो कामावर होता म्हणून वाचला, खाट मात्र गेली. ताईचा फोन आला, "आधी इकडे ये, मग बघू." मामा एक बॅग आणि एक इस्त्री घेऊन आला. मग कुणी काही बघितलंच नाही. छत तीन आठवड्यांत दुरुस्त झालं. हे मामाला ठाऊक होतं, ताईला ठाऊक होतं, आणि भाऊजींना तर घरमालकाने स्वतः फोन करून सांगितलं होतं. पण त्या दिवशी विषय निघाला नाही, दुसऱ्या दिवशी काढणं बरं दिसेना, आणि महिन्याभराने काढला असता तर भांडण उकरून काढल्यासारखं झालं असतं. तेव्हा बंद केलेल्या गॅलरीत एक खाट पडली, शेजारी इस्त्रीचं टेबल, आणि वर भिंतीला टांगलेली भाचीची जुनी सायकल. भाची तेव्हा नऊ वर्षांची होती आणि दिवसभर "मामा, मामा" करायची. तिचं ऐकून भाऊजी "मामासाहेब" म्हणायला लागले, मग शेजारचे, मग ऑफिसातले. शेवटी सख्खी बहीणसुद्धा त्याला मामाच म्हणू लागली. आता भाची नोकरीला परगावी होती, वर्षातून दोनदा यायची. मामा मात्र एक्कावन्न वर्षांचा होऊन तिथेच होता, सायकलीखाली.

मामाची नोकरी सांगायची तर जरा अवघडच. तो समुद्री जीवांच्या संग्रहालयात वेचक होता. म्हणजे ओहोटीच्या वेळी किनाऱ्यावरचा चिखल पिंपात भरून आणायचा, चाळणीवर धुवायचा, आणि चाळणीत जे वळवळेल ते चिमट्याने उचलून बाटलीत टाकायचं. बाटलीत स्पिरिट, बाहेर चिठ्ठी, चिठ्ठीवर तारीख. सव्वीस वर्षं त्याने हेच केलं. शास्त्रज्ञ वेगळे, त्यांची नावं छापून यायची. "आपण समुद्राची धुणीभांडी करतो," मामा म्हणायचा.

वेचकाला पहिल्या दिवशी पहिला धडा मिळतो तो असा: किडा ठेवा, नळी फेका. चिखलातले बरेचसे किडे स्वतःभोवती वाळूची आणि चिकट लाळेची नळी बांधून राहतात. ती नळी बाटलीत गेली की स्पिरिट गढूळ होतं, बाटली भरून जाते, शास्त्रज्ञ ओरडतात. म्हणून नळी सोलायची आणि बादलीत टाकायची. काही नळ्या सरळसोट असायच्या, पेन्सिलीसारख्या, आणि काहींना मध्येच फुगवटा असायचा. फुगवटा का असतो, असं कुणी विचारलं नाही. जे फेकायचंच आहे त्याची चौकशी कोण करतो?

त्यामुळेच खवल्याचं गुपित इतकी वर्षं कुणाला कळलं नाही. खवल्या म्हणजे नखाएवढा समुद्री किडा. पाठीवर खवल्यांच्या पंधरा जोड्या, कौलांसारख्या एकावर एक. कुणी डिवचलं की खवले टाकून पळ काढायचा, हा त्याचा स्वभाव. बाटल्यांमध्ये तो भरपूर होता, पण राहतो कुठे हे कुणालाच माहीत नव्हतं, कारण त्याचं घर हेच लोक सोलून उकिरड्यावर टाकत होते. एका सकाळी मामाची बोटं थंडीने आखडली होती, म्हणून त्याने नळी सोलायच्या ऐवजी कात्रीने उभी चिरली. आत वीतभर लांबीचा, मऊ, गुलाबी नळकिडा, म्हणजे घरमालक. आणि त्याला बिलगून, त्याच्याच रंगाचा, खवल्या. नळकिड्याने तोंडाशी अन्न गोळा केलं होतं आणि खवल्या ते शेजारी बसून निवांत खात होता. मालक त्याला हाकलत नव्हता. मामा बराच वेळ मायक्रोस्कोपला डोळा लावून बसला. मग उठून विभागप्रमुख बाईंकडे गेला आणि म्हणाला, "बाई, चिखलात मला माझा नातेवाईक सापडला."

बाई कडक होत्या, विनोदाला सहसा दाद देत नसत. त्यांनी आणखी दहा नळ्या चिरून घेतल्या, स्वतः पाहिलं, आणि म्हणाल्या, "मामा, हे तुम्ही लिहायचं. मी मदत करीन, पण पहिलं नाव तुमचं." मामाचे कान लाल झाले. बाईंनी त्याला शब्दही दिला: सहभोजी. म्हणजे एकाच ताटातलं खाणारा, ज्याचं भागतं आणि यजमानाचं काही बिघडत नाही. मामाला तो शब्द इतका आवडला की घरी येऊन त्याने भाऊजींना सांगितला. "म्हणजे हे तर आपल्या घरचंच की, मामासाहेब!" भाऊजी म्हणाले आणि हसले. मामाही हसला, सगळ्यांत मोठ्याने.

लेख पाठवला. सहा महिन्यांनी परीक्षकाचं पत्र आलं. हा परीक्षक कोण, हे लिहिणाऱ्याला कधी कळत नाही. तो पडद्याआडून चुका काढतो. बाईंनी पत्र वाचून दाखवलं. चित्रं सुबक आहेत. मोजमापं ठीक आहेत. 'परंतु लेखक या किड्याला सहभोजी म्हणतात ते कशाच्या जोरावर? यजमानाचं काही बिघडत नाही, हे तपासलं कुणी? पाहुण्याला तसं वाटत असेल. यजमानाला विचारलंत का?'

"मुद्दा बरोबर आहे," बाई म्हणाल्या. "नुकसान होत असेल तर मग हा सहभोजी नाही, परजीवी."

"परजीवी," मामा म्हणाला.

त्याच आठवड्यातली सुटीची सकाळ. मामा न्हाणीघरात दाढी करत होता, दार अर्धवट उघडं होतं. स्वयंपाकघरात ताई आणि भाऊजी टेबलावर कसलासा मोठा कागद पसरून बसले होते. घर तिसऱ्या मजल्यावर, लिफ्ट नाही, आणि भाऊजींच्या डाव्या गुडघ्याने वर्षभरापासून असहकार पुकारलेला. तो धड वाकत नव्हता आणि धड सरळही होत नव्हता.

"तळमजला आहे," भाऊजी म्हणत होते. "दवाखाना समोर. दोनच खोल्या आहेत, पण पोरगी आली तर तिला एक, आणि आपल्या दोघांना एक, पुष्कळ झालं."

"दोघांना," ताई म्हणाली, आणि थांबली. मग हळूच, "मामाला कसं सांगायचं?"

"तू सांग. तुझा भाऊ आहे."

"तुम्ही सांगा. तुमचा गुडघा आहे."

मामाच्या गालाला ब्लेड लागलं. तो कापसाचा बोळा लावून बाहेर आला तेव्हा कागद घाईघाईने ब्रेडच्या डब्याखाली गेलेला होता. "चहा घेतोस?" ताईने विचारलं.

"चहाला मी कधी नाही म्हटलंय? त्यावरच तर माझं चाललंय," मामा म्हणाला. या वेळी कुणी हसलं नाही.

आता शहाण्या माणसाने सरळ विचारलं असतं, ताई, माझं काय? पण मामा सव्वीस वर्षं प्रयोगशाळेत होता, हा घोळ होता. यजमानाला तोंडावर विचारण्यात अर्थ नाही, हे त्याला पटलेलं होतं. यजमान म्हणणार, 'काहीतरीच काय!' खरं काय ते वजनकाटाच सांगतो. बाईंनी प्रयोग आखून दिला होता तोही असाच होता. वीस नळकिडे घ्यायचे, सगळे पाहुण्यासकट. दहा जणांचा पाहुणा काढून घ्यायचा, दहा जणांचा राहू द्यायचा. सगळ्यांचं वजन करायचं, वीस दिवस सारखं खायला घालायचं, पुन्हा वजन करायचं. पाहुणा गेल्यावर यजमान गुटगुटीत झाला तर समजायचं, इतके दिवस हा त्याचं रक्तच पीत होता. काम संग्रहालयाच्या किनाऱ्यावरच्या केंद्रात करायचं, कारण ताजं खारं पाणी तिथे. म्हणजे मामाने वीस दिवस तिथेच मुक्कामाला जायचं.

वीस दिवस! म्हणजे ताईच्या घरातूनही पाहुणा वीस दिवस बाहेर. इथे मामाच्या डोक्यात जो प्रकाश पडला तो वैऱ्याच्याही डोक्यात पडू नये.

जायच्या आदल्या दिवशी त्याने ऑफिसातून वजनकाटा घरी आणला. "आमच्याकडे आरोग्य मोहीम आहे," तो म्हणाला. "घरच्यांचं वजन मागितलंय."

"माझं वजन तुझ्या ऑफिसला कशाला?" ताई म्हणाली.

"सरासरी काढतात."

"काढा. मेलं काही काम नाही तुम्हाला," असं म्हणत ताईने चपला काढल्या, खिशातल्या किल्ल्या काढल्या, चष्मासुद्धा काढला, आणि श्वास रोखून काट्यावर उभी राहिली. बासष्ट किलो चारशे. भाऊजी भिंतीला धरून चढले: एकाहत्तर. मामाने ते वहीत लिहून घेतलं. वही किड्यांचीच होती. रकाने आखलेले होते, हाताला सवय होती, तेव्हा वीस किड्यांच्या खाली त्याने सरळ लिहिलं: यजमान क्र. २१, मादी, वय ५८. यजमान क्र. २२, नर, वय ६३, डावा पाय सदोष.

किनाऱ्यावरच्या केंद्रात एक खोली, दोन रांगांत टाक्या, आणि एक राखणदार. हा राखणदार म्हणजे आळसाचा पुतळा. प्रत्येक रांगेखाली फेकायच्या मालाची एक बादली असायची, आणि ती रिकामी करायचं काम त्याचं. "उद्या करतो" याखेरीज त्याच्या तोंडून दुसरं वाक्य मामाने वर्षानुवर्षं ऐकलं नव्हतं.

मामाने डाव्या रांगेतल्या दहा नळकिड्यांचे पाहुणे काढले. ते दहा पाहुणे वेगवेगळ्या काचेच्या वाट्यांत ठेवले, पाणी स्वच्छ, खाणं समोर. पण त्यांनी काही खाल्लं नाही. वाटीच्या कडेकडेने फिरत राहिले, दिवसभर, गोल गोल. तिसऱ्या दिवसापासून एकेकाचे खवले गळायला लागले. "अरे, स्वतंत्र झालास, मजा कर की," मामा त्यांना म्हणायचा, आणि स्वतः ओट्याशी उभा राहून कालचा ब्रेड आणि उकडलेलं अंडं खायचा. बसून खावं असं त्याला वाटत नव्हतं. समोर कुणी नसताना बसायचं कशाला?

ताईचा फोन मात्र यायचा, आणि प्रत्येक वेळी तक्रारच. पहिल्या दिवशी: "गॅसचं बिघडलेलं बटण तू दाबून फिरवतोस की ओढून?" तिसऱ्या दिवशी: "तुझ्या गॅलरीची खिडकी लागत नाहीये, घरभर वारा सुटलाय." सहाव्या दिवशी: "पेपरातलं कोडं अर्धं टाकून गेलास, यांनी डोकं खाल्लंय माझं, आडवा सात काय ते सांग." मामाने कोड्याचं उत्तर सांगितलं, आणि फोन ठेवून वहीत लिहिलं: 'यजमान क्र. २१ चिडचिडा. कारण अज्ञात.' याला म्हणतात डोळे असून न दिसणं. पण मामा त्या वेळी शास्त्रज्ञ होता, त्याला कोण सांगणार!

मधल्या काळात त्याने आणखी एक उद्योग केला. संग्रहालयामागे एका विधुर गृहस्थांची खोली भाड्याने होती, तिथे फोन करून चौकशी केली. गृहस्थ म्हणाले, पहिल्या तारखेपासून या. खोलीला छत मजबूत आहे का, हेही मामाने विचारून घेतलं. ताईला 'कसं सांगायचं' हा प्रश्नच पडायला नको. आपणच सांगून मोकळं व्हायचं.

विसाव्या दिवशी त्याने सगळ्या टाक्या उपसल्या. या वीस दिवसांत नळकिड्यांनी नळ्या आणखी लांब बांधल्या होत्या. त्या त्याने सवयीने सोलल्या आणि बादल्यांत टाकल्या, डाव्या रांगेच्या डावीकडे, उजवीच्या उजवीकडे. किडे टिपकागदावर टिपले, नाजूक काट्यावर एकेक ठेवला, आकडे लिहिले. बेरीज केली. पुन्हा केली. ज्यांचा पाहुणा काढला होता ते जाड झाले नव्हते. बारीकही झाले नव्हते. दोन्ही रांगा सारख्याच.

त्याने बाईंना फोन लावला. "म्हणजे काहीच फरक नाही?" बाई जवळजवळ ओरडल्या, आणि बाई कधी ओरडत नसत. "मामा, अभिनंदन! सिद्ध झालं! सहभोजी!"

फोन ठेवून मामा एका पालथ्या खोक्यावर बसला. खरं तर त्याने नाचायला हवं होतं. तो बांडगूळ नव्हता. तसा कागदोपत्री पुरावा मिळाला होता. पाहुणा असला काय आणि गेला काय, यजमानाला काही फरक पडत नाही. हेच तर अकरा वर्षं कुणीतरी आपल्याला सांगावं म्हणून तो झुरत होता. आणि आता सांगितल्यावर त्याला इतकं वाईट वाटलं, इतकं वाईट वाटलं की नाक शिंकरायला टिपकागद घ्यावा लागला. 'काही बिघडत नाही' आणि 'काही फरक पडत नाही' या एकाच आकड्याच्या दोन बाजू आहेत, हे त्याने आधी कधी उलटून पाहिलंच नव्हतं.

दुसऱ्या दिवशी दुपारी तो घरी पोचला. दारातच ताई म्हणाली, "किती वाळलायस! काय खात होतास तिथे?" पण मामाने आधी काटा काढला. आरोग्य मोहिमेचा दुसरा टप्पा, असं काहीतरी पुटपुटला. ताई एकसष्टला शंभर ग्रॅम कमी भरली, म्हणजे दीड किलो घट. भाऊजी साडेबहात्तर, म्हणजे दीड किलो वाढ. मामाने वहीत मांडलं: 'सरासरी फरक: शून्य.' मग वही टेबलावर ठेवून तो हातपाय धुवायला गेला. जेवताना खोलीचं सांगून टाकायचं, असं त्याने ठरवलं होतं. वाक्यही तयार होतं, त्यात एक विनोदही होता.

तो टॉवेलने हात पुसत बाहेर आला तेव्हा ताई चष्मा लावून वही वाचत होती. दीड किलो कमी झाल्याबद्दल ऑफिसने आपल्याविषयी काही चांगलं लिहिलंय का, एवढंच तिला बघायचं होतं.

"मादी?" ताई म्हणाली.

मामाने पुसलेले हात पुन्हा पुसायला घेतले.

"वय अठ्ठावन्न, चिडचिडा, कारण अज्ञात?" तिचा आवाज चढायला लागला. "आणि ह्या वरती क्रमांक एक ते वीस कोण आहेत?"

"किडे," मामा म्हणाला. खोटं बोलायचं त्याला सुचलंच नाही.

"मी किडा?"

"नाही ग! तू यजमान. किडा मी."

"आणि हे वीस यजमान कोण? माणसं आहेत का?"

"नाही, तेही किडेच. पण मोठे."

भाऊजींनी वही ओढून घेतली आणि 'डावा पाय सदोष' वाचून इतके हसले की खुर्ची करकरली. ताईने त्यांच्याकडे असं पाहिलं की ते एकदम गप्प झाले. मग ती मामाकडे वळली. आता तिच्या डोळ्यांत पाणी होतं, आणि ते रागाचं आहे की कशाचं, हे मामाला कळेना.

"अकरा वर्षं," ती म्हणाली. "अकरा वर्षं मी तुला शिव्या घातल्या, भांडी घासायला लावली, तापात तुझ्या डोक्यावर घड्या ठेवल्या, आणि तू स्वतःला पाहुणा समजत होतास? गाढवा, पाहुण्यावर कुणी असं ओरडतं का? दीड किलो कशाने गेलं, विचार ना! हे सातला जेवून मोकळे होतात, मी तुझ्यासाठी थांबते, आपण दोघं नंतर जेवतो. तू नव्हतास. एकटीने ताट घेऊन कुणासमोर बसायचं? घर खायला उठलं होतं मला!"

"आणि तिचं ते उरलेलं सगळं मी खाल्लं," भाऊजी म्हणाले. "म्हणून दीड किलो. तुझं शास्त्र बरोबर आहे, मामासाहेब."

मामाचं तयार वाक्य कुठल्या कुठे गेलं. "मी ऐकलं," तो कसाबसा म्हणाला. "दोनच खोल्या आहेत. मी दुसरी जागा बघितलीय. तुम्हाला सांगायला अवघड जाऊ नये म्हणून."

"दोनच आहेत," ताई म्हणाली. "त्याला काय करणार? यांना जिना चढवत नाही." तिने ब्रेडच्या डब्याखालून कागद ओढला आणि त्याच्यापुढे आपटला. घराचा नकाशा होता. दोन खोल्या, स्वयंपाकघर, आणि मधून जाणारा एक सरळ, अरुंद बोळ. बोळाच्या मध्यावर मात्र भिंत पेन्सिलीने खोडलेली होती आणि बाजूला एक चौकोन काढलेला होता. त्यात ताईच्या ठसठशीत अक्षरात लिहिलं होतं: मामा, ५ फूट.

"हे काय?"

"तिथे भिंतीतलं कपाट होतं. मी काढून टाकायला सांगितलं. खाट बसायला नको? गेल्या आठवड्यात जाऊन माप घेऊन आलो. फूटपट्टी विसरले, म्हणून यांना तिथेच आडवं केलं आणि घरी येऊन यांनाच मोजलं."

"तिथल्या मॅनेजरसमोर," भाऊजी म्हणाले. "फरशीवर. आडवा झालो, पण उठता येईना. दोन माणसांनी उचलला मला. पण मी मावलो!"

"हे कसं सांगायचं तेच मला सुचत नव्हतं," ताई म्हणाली. "एक्कावन्न वर्षांच्या भावाला बोळात झोप म्हणून कसं सांगायचं? तू नको म्हणाला असतास तर? तुला तरी किती दिवस गॅलरीत न् बोळात ठेवायचं? लाज वाटत होती मला."

मामा नकाशाकडे बघत राहिला. सरळ बोळ, आणि मध्येच फुगलेला. वीस दिवस घरात नव्हता तो, आणि इथे त्याच्या मापाची जागा निघत होती. त्याला हुंदका आला, आणि तो पुरता बाहेर पडायच्या आत तो एकदम किंचाळला, "बादली!"

"काय रे झालं?" ताई घाबरली.

मामाने फोन उचलून राखणदाराला लावला. "बादल्या रिकाम्या केल्यास?"

"उद्या करतो," पलीकडून ओळखीचा आवाज आला. "किती मागे लागता साहेब."

"करू नकोस! आयुष्यात करू नकोस! हात लावलास तर याद राख!" मामा ओरडला. माणसाच्या आळसाबद्दल इतकी कृतज्ञता त्याला पूर्वी कधी वाटली नव्हती. ताई म्हणाली, हा तिथे उपाशी राहून राहून बिघडलाय, आधी याला वाढा. मग ती दोघं समोरासमोर बसून जेवली. ताईने दोनदा वाढून घेतलं.

दुसऱ्या दिवशी मामाने वास मारणाऱ्या दोन बादल्या उपसल्या आणि प्रत्येक नळी कात्रीने उभी चिरली. उजव्या बादलीत काही नवल नव्हतं: घरात पाहुणा राहत होता, म्हणून फुगवटा होता. मग डाव्या बादलीतल्या त्याने एकेक करून चिरल्या. ज्यांचा पाहुणा पहिल्याच दिवशी काढून घेतला होता, त्यांनी वीस दिवसांत एकट्याने बांधलेला तो नवा भाग सरळ असायला हवा होता. दहांपैकी नऊ नळ्यांच्या त्या नव्या भागालाही मध्येच फुगवटा होता, बरोबर खवल्याच्या मापाचा. आत कुणीही नव्हतं. दहाव्याने मात्र सरळसोट बांधली होती, असतात तसेही. बाईंनी सगळ्या नळ्या स्वतः मोजल्या, चष्मा काढून पुसला, आणि म्हणाल्या, "मामा, सव्वीस वर्षं आपण फेकत काय होतो?" मग लेखात एक नवा परिच्छेद आला. परीक्षकाचं दुसरं पत्र एका ओळीचं होतं: छापायला हरकत नाही.

पुढच्या महिन्यात बिऱ्हाड तळमजल्यावर गेलं. खाट सुताराने ताईने दिलेल्या मापाने केली, बरोबर पाच फूट. ती बोळात बसवल्यावर सगळ्यांच्या लक्षात आलं की माप भाऊजींचं घेतलं होतं, आणि भाऊजींचा गुडघा सरळ होत नाही. मामाची उंची पाच फूट चार इंच. चार इंच पाय बाहेर, बरोबर स्वयंपाकघराच्या वाटेवर. दुसरी खाट करू, असं भाऊजी तीन वेळा म्हणाले. ताई म्हणाली, बघू. मग कुणी काही बघितलं नाही.

ताई सकाळी सव्वासहाला चहा ठेवायला उठते आणि रोज त्या पायांना अडखळते. "मेल्या, पाय आत घे!" ती ओरडते, आणि पलीकडच्या खोलीत भाऊजी जागे होतात. मामा पाय आत घेतो, उशीखालून वही काढतो आणि यजमान क्रमांक एकवीसच्या रकान्यात तारीख टाकून लिहितो: 'फरक पडतो.'